भूत स्वयंपाकघराकडे वळलं

गार्गीच्या गेममधल्या भुताला आजवर कुणी भ्यालं नव्हतं. जन्मताच भीतीची लस टोचलेली पोरं तिचे गेम खेळताना जांभया देत. समोर मुंडकी उडाली तरी चिवडा खात राहत. "सोड हा धंदा," सगळे सांगून थकले. पण गार्गी हट्टाला पेटलेली. नवा गेम तिने एकटीनेच रचला आणि आज चाचणीला मित्राला, मल्हारला बसवलं.

मल्हारने हेडसेट चढवला. त्याच्याच फोटोंवरून गेमने त्याचं सांगलीचं घर हुबेहूब उभं केलं होतं. भूत आलं. मल्हार हसला. पण भुताने त्याच्याकडे ढुंकूनही पाहिलं नाही. ते त्याला ओलांडून सरळ स्वयंपाकघरात शिरलं. आत आई पोळ्या लाटत होती. लाटण्याचा आवाज थांबला.

मल्हार किंचाळला! हेडसेट भिरकावून त्याने सांगलीला फोन लावला.

"घाबरला! अरे, घाबरला!" गार्गी खुर्चीवर चढून नाचू लागली.

"आई, तू बरी आहेस ना गं?"

फोन स्पीकरवर होता. आईच्या पिढीला लस नव्हती. लेकासाठी तिचा जीव रोजच खालीवर व्हायचा.

"बरी आहे रे," ती म्हणाली. "जन्मात पहिल्यांदा विचारलंस."