कापडावर बसलेली बाई

बेटावर कापड अंथरून झालं होतं. चारी कोपऱ्यांना खुंट्या ठोकल्या होत्या. आता ऑर्न आणि स्टाइनर यांनी त्यावर उभं राहून तलवारी चालवायच्या आणि ज्याचे दोन्ही पाय कापडाबाहेर पडतील त्याने जन्मभर भेकड म्हणवून घ्यायचं, हा आइसलंडचा कायदा. भांडण घोड्यावरून झालं होतं. घोड्यांच्या झुंजीत ऑर्नचा घोडा पळाला, तेव्हा स्टाइनर सगळ्यांदेखत म्हणाला होता, "घोडा मालकावर गेलाय."

एवढ्यात ऑर्नची आई, आस्गेर्द, होडीतून उतरली. लोकांनी आदराने वाट दिली. थोरल्या दोन मुलांना असंच कुणी काहीबाही बोललं, तेव्हा तिनेच त्यांच्या हाती तलवारी दिल्या होत्या. "नाव राखा," म्हणाली होती. दोघांनी राखलं. त्यांच्या कबरी तिच्या दारातून दिसतात.

आता ती ऑर्नलाही चार शब्द सुनावणार, म्हणून लोकांनी कान टवकारले. आस्गेर्द कापडाच्या मधोमध गेली आणि ऐसपैस बसली. चाती काढून लोकर कातायला लागली.

"आई, ऊठ," ऑर्न दातओठ खात म्हणाला. "लोक बघताहेत."

"बघू देत. तुम्ही लढा की. मी कुठे नको म्हणतेय?"

कायदा तोंडपाठ असलेल्या थोरोडआजोबांना विचारलं गेलं. त्यांनी बराच वेळ दाढी कुरवाळली. कापडावर बाईने बसू नये, असं कायद्यात कुठेच नव्हतं. तिला उठवायचं तर हात लावावा लागणार, आणि बाईवर हात टाकणाऱ्याची अब्रू जाते, हे मात्र होतं.

"म्हातारे," स्टाइनर म्हणाला, "पोरगा आईमागे लपला म्हणतील लोक."

"म्हणू देत. मेलेल्याला शूर म्हणतात, ते तरी त्याला कुठे ऐकू येतं?"

ऊन कललं. लोकांना भुका लागल्या. एकेक होडी निघाली. शेवटी स्टाइनरही ढाल-तलवार उचलून गेला.

त्या दिवसापासून ऑर्न आईशी बोलला नाही. पुढे त्याची दाढी पिकायला लागली, तरी नाही.

"एका घरात राहून पोर तोंड उघडत नाही," एकदा शेजारीण म्हणाली. "जीव तुटत नाही का गं?"

"तुटतो," आस्गेर्द म्हणाली. "पण थोरले दोघं माझा एक शब्द खाली पडू द्यायचे नाहीत. हा बोलत नाही, पण जेवायला येतो."