आम्ही दोघं घरी होतो

"पुन्हा सांग," शिवशंकर म्हणाला.

"मी घरी होते. तू बी घरी होतास. आपण दोघं जेवलो," कस्तुराबाई म्हणाल्या.

"काय जेवलो?"

"भाकर अन् अंबाड्याची भाजी."

"अन् तनुजा?"

"कळशी घेऊन विहिरीवर गेली. लई वेळ झाला तरी आली न्हाई."

अहमदपूरच्या बसस्टँडवर मायलेक बाकावर बसले होते. लातूरची गाडी अजून लागली नव्हती.

तीन वर्षांपूर्वी एका दुपारी शिवशंकरची बायको तनुजा शेतातल्या विहिरीत मेलेली सापडली. पाय घसरून पडली, असं लिहून पोलिसांनी फाइल बंद केली. पण तिची आई सुमनबाई भोकरहून कोर्टात खेटे घालत राहिली. पोरीच्या मनगटावर वळ होते, एवढंच ती प्रत्येक तारखेला सांगायची. शेवटी गेल्या महिन्यात कोर्टानं अधिक तपासाचा आदेश दिला. नवा अधिकारी, नव्यानं जबाब.

आदेश आला त्या दिवसापासून कस्तुराबाईंचं जेवण तुटलं. दारासमोर गाडी थांबली की त्या मागच्या खोलीत जायच्या. गाव आधीपासूनच शिवशंकरकडं बोट दाखवत होतं. तो टपरीवर आला की माणसं अर्धा चहा ठेवून उठायची. त्यांच्या घरातून रोज भांडण ऐकू यायचं, असं शेजारच्या गुरम्मानं आता पोलिसांना सांगितलं होतं. तो कुणालाच काही बोलत नव्हता. त्या दुपारबद्दल तीन वर्षांत त्यानं आईपाशीही शब्द काढला नव्हता. आठ दिवसांपासून मात्र रोज हीच उजळणी.

"माझ्या तोंडून दुसरंच काही निघालं तर?"

"तर सगळं संपलं, माय." तो समोरच्या रिकाम्या फलाटाकडं बघत होता. "तसं निघू देऊ नको."

गाडीत तो खिडकीशी बसला. त्याच्या हाताला हात लावावा, असं कस्तुराबाईंना दोनदा वाटलं. धीर झाला नाही.

लातूरला तपास अधिकारी पंचशीला सोनकांबळे यांनी दोघांना आत बोलावलं आणि लगेच शिवशंकरला म्हणाल्या, "तुम्ही बाहेर बसा."

"माय घाबरती मॅडम. मी थांबतो की."

"बाहेर."

दाराशी थांबून त्यानं एकदाच आईकडं पाहिलं. दार लागलं.

"पाणी घ्या, आजी. कुणी धमकी दिली तुम्हाला?"

"न्हाई."

"मुलाची भीती वाटते?"

"न्हाई जी." पण ग्लास दातांवर वाजला.

"इथं बोललेलं बाहेर जाणार नाही. त्या दुपारी काय झालं ते सांगा."

कस्तुराबाईंनी डोळे मिटले आणि सांगितलं. घर, भाकर, अंबाड्याची भाजी, कळशी. एक शब्द इकडचा तिकडं झाला नाही. पंचशीलांनी सगळं लिहून घेतलं आणि पेन खाली ठेवलं.

"तुमचा मुलगा तेव्हा डाळ मिलची गाडी चालवायचा ना?"

"हाव."

"मिलच्या गेटवरचं त्या दिवसाचं रजिस्टर मी काढलं. सकाळी दहाला आत, संध्याकाळी पाचला बाहेर. सही त्याचीच. दोन हमालांनीही ओळखलं. त्या दिवशी तो इथं, लातुरात होता."

पंचशीलांनी रजिस्टरची झेरॉक्स पुढं सरकवली.

"हे एवढं तो बोलला असता, तर गावानं त्याला तीन वर्षं खुनी म्हटलं नसतं. आणि परवा मी विचारलं, तर ठामपणे म्हणतो, मी घरीच होतो, मायसोबत. स्वतः सुटायचं सोडून माणूस असं का बोलेल, आजी?"

दाराच्या धुरकट काचेतून त्याची सावली येरझाऱ्या घालताना दिसत होती. कस्तुराबाईंनी हातातला ग्लास टेबलावर ठेवला; तो वाजला नाही.

"त्यो घरी नव्हता," त्या म्हणाल्या. "असता, तर त्यानं माझा हात धरला असता. पोर वाचली असती."