शिखरावरची साफसफाई

"मावशी, ही गोणी जरा रिकामी करता?" शहरातल्या पर्यावरण संस्थेच्या टीशर्टातला साहेब म्हणाला.

राष्ट्रीय उद्यानातल्या या शिखरावर चार दिवस वाकून मी ती भरली होती. वेफर्सच्या पिशव्या, बाटल्या, पोरांचे वापरलेले डायपरसुद्धा.

"रिकामी कशाला?"

"आम्ही कचरा वेचतानाचा फोटो हवा ना!"

मी नाही म्हणाले, तर त्यानंच गोणी उलटी केली. तीही देवाच्या शेंदरी दगडापुढे, जिथं आमच्या गावचं माणूस चपला काढल्याशिवाय पाऊल ठेवत नाही. संस्थेचे वीसजण बुटांसकट तिथं वाकले, हातमोज्यांच्या चिमटीत एकेक पिशवी धरून कॅमेऱ्याकडे बघत हसले. तेवढ्यात वारा सुटला आणि निम्मा कचरा दरीत, सांबरांच्या पाणवठ्यावर गेला.

"जाऊ दे, फोटो झालेत," कुणीतरी म्हणालं. मी उरलेला कचरा पुन्हा गोणीत भरू लागले.

निघताना साहेबानं टाळ्यांच्या गजरात मला प्रमाणपत्र दिलं. प्लास्टिकमध्ये मढवलेलं, 'निसर्गमित्र' छापलेलं. नावाची जागा कोरीच होती.

त्याच्यादेखत मी ते गोणीत टाकलं.

"आता काढा फोटो," मी म्हणाले.