पाठमोरा मुत्तय्या

"अक्का, कुठाय गं तुझा मुलगा? मध्यंतर होऊन गेलं की," सोर्णमने मागच्या रांगेतून पेच्चियम्माच्या खांद्याला बोट टोचलं.

"डोळे उघडे ठेव, दिसेल," पेच्चियम्मा खेकसली. तिला स्वतःला तो अजून दिसला नव्हता.

अख्ख्या गल्लीतल्या बायका तिनेच व्हॅनमध्ये कोंबून शंकरनकोविलच्या थिएटरात आणल्या होत्या. एकाच नटाच्या नऊ भूमिका. मुत्तय्याने चेन्नईहून फोनवर सांगितलं होतं, "अम्मा, मी त्याचा डुप्लिकेट. दोघं समोरासमोर आले की एक तो, आणि पाठमोरा असेल तो मी."

ऐकायला सोपं होतं. इथे कलेक्टर तोच, चोर तोच, लंगडा पुजारीही तोच. पाठ दिसली की ती म्हणायची, हा माझा. तेवढ्यात पाठ वळायची आणि तोंड पुन्हा त्या मेल्याचंच. कलेक्टरने चोराच्या कानाखाली वाजवली, तर मार नक्की कोणी खाल्ला तेही कळेना. चालीवरून ओळखावं, तर लंगड्याच्या जागी तोही लंगडतच असणार. पाय दिसले असते तर झालं असतं. अंगठ्यावर चढून बसलेलं शेजारचं बोट. तिचं तसं, मुत्तय्याचंही तसंच.

मग कलेक्टरची आई मेली. तीही तोच, पांढऱ्या साडीत.

"आई तोच नि मुलगा पण तोच? मग रडतंय कोण कोणासाठी?"

"गप बस गं अक्का, रडू दे जरा," सोर्णमने नाक ओढलं.

प्रेत ओसरीवर ठेवलं होतं. कलेक्टर त्याच्यावर पडून हंबरडा फोडत होता. प्रेताचं तोंड पलीकडे, पाय इकडे. पाय जवळ आले, पडदाभर झाले. रीतीप्रमाणे दोन्ही अंगठे पांढऱ्या चिंधीने एकत्र बांधलेले. आणि प्रत्येक अंगठ्यावर चढून बसलेलं शेजारचं बोट.

पेच्चियम्माचा हात दाखवायला वर गेला, आणि तिथेच राहिला.

"सापडला? कोणता गं?" सोर्णम पुढे वाकली. सगळी रांग वळली.

"नाही." पेच्चियम्माने हात खाली घेतला. "तो या सिनेमात नाहीच. थापा मारल्या कार्ट्याने."

"अगं बाई! मग एवढी वरात कशाला आणलीस?"

बायका फिदीफिदी हसल्या. एरवी एकेकीची साल काढली असती तिने. आज तिने चपला काढल्या आणि दिवे लागेपर्यंत आपले दोन्ही पाय एकमेकांपासून जमतील तेवढे लांब धरून बसली.