चिंचोक्याची खळ

"मैद्याची खळ लावली तर कोण बघतंय? चार दिवस वाचतील," घोंगडी विणणारा शिदाप्पा म्हणाला. गोजराक्काने नवऱ्याकडे पाहिलंसुद्धा नाही. तिने चिंचोके भाजले, सोलले, भिजवून पाट्यावर वाटले, शिजवले आणि ती खळ लोकरीच्या सुतावर कुंच्याने हात भरून येईपर्यंत चढवली.

तालुक्याच्या घोंगड्यांच्या स्पर्धेत परीक्षकांनी प्रत्येक घोंगडं चार टोकांना धरायला लावून त्यात तांब्याभर पाणी ओतलं. पहिली दोन लगेच ठिबकू लागली. शिदाप्पाच्या घोंगड्याखालची जमीन मात्र कोरडीच राहिली.

"काय लावलंत हो याला?" परीक्षकांनी विचारलं.

शिदाप्पाने मागे वळून बायकोकडे पाहिलं. मग म्हणाला, "मी तर मैदा लावणार होतो, साहेब. हिनं ऐकलं नाही. तिलाच विचारा."

बायकांच्या घोळक्यातून गोजराक्का पुढे आली आणि तिने सगळी कृती सावकाश सांगितली.

"बक्षिसाला शिदाप्पांचंच नाव लिहू ना?" परीक्षकांनी तिला विचारलं.

"त्यांचं लिहा की. विणलंय त्यांनी," ती म्हणाली. "पण आधी लिहा, गोजरा शिदाप्पा सनगर, खळ करणारी."

परीक्षकांनी लिहिलं. तिला वाचता येत नव्हतं, म्हणून तिने ते सगळ्यांसमोर मोठ्याने वाचायला लावलं.