झाकायची पावडर

आपलं चुकलं की बोट दुसऱ्याकडे वळवायचं, ही जावयाची खोड मावशींना घरात माहीत होती. भाजी करपली तर शेगडी वाईट, चावी हरवली तर बायको वेंधळी. ही खोड तो कामावरही घेऊन येईल असं मात्र त्यांना वाटलं नव्हतं. आज त्याने प्रयोगशाळेच्या प्रमुख बाईंसमोर एक प्लॅस्टिकचा डबा दोन बोटांत धरून वर केला. मेलेला उंदीर धरावा तसा.

"डबेच नीट धुतलेले नसतात, मॅडम. मी काय करणार?"

मावशी धुण्याच्या खोलीच्या दारात उभ्या होत्या. वीस वर्षं ती खोली त्यांची. नळ्या, बाटल्या, डबे, प्रत्येक वस्तू तीन पाण्यांतून निघायची, आणि हाताखालच्या दोघींची दुसऱ्या पाण्यावर भागवायची छाती नव्हती. जावई इथे संशोधनाला लागला तेव्हा त्याने लेकीकडून निरोप धाडला होता, तिथे नातं काढू नका म्हणून. मावशींनी काढलं नाही. तो सगळ्यांसारखा 'मावशी' म्हणे, त्या 'सर' म्हणत. सासूची लाज वाटणाऱ्या माणसाची त्यांना दोन वर्षं लाज वाटत होती, पण ती त्या कुणाला दाखवत नव्हत्या.

डब्यात बोटभर रुंदीची पट्टी होती. काळीकुट्ट.

ते काम मावशींना ऐकून ऐकून पाठ झालं होतं. हजार प्रोटीनांच्या गर्दीतून यांना एकच हवं असतं. त्याला बायोटिनची खूण चिकटवायची आणि ती खूण ओळखणारे बारीक मणी गर्दीत सोडायचे. मणी खूणवाल्याला घट्ट धरतात, बाकीची गर्दी धुऊन टाकायची. मग हाती आलं ते खरंच आपलं आहे का, हे पट्टीवर बघायचं. खूण असेल तिथेच काळी रेघ उठते. पट्टीची मोकळी जागा आधी एका पांढऱ्या पावडरीने झाकावी लागते, म्हणजे भलतीकडे काही चिकटत नाही. एक रेघ यायला हवी होती. इथे आख्खी पट्टी तव्याच्या बुडासारखी.

"सगळीकडे सारखी काळी," बाई पट्टी उजेडात धरून म्हणाल्या. "म्हणजे बायोटिन सगळीकडे लागलंय. दुधात असतं ते. दूध कुठून आलं इथे?"

जावयाने क्षणभर खाली बघितलं. मग मान वर केली.

"मावशी त्याच सिंकमध्ये चहाचे कप धुतात, मॅडम. मी पाहिलंय."

चहाच्या फळीवरचा दूध पावडरीचा डबा मावशींनी काल सकाळी याच्याच टेबलावर पाहिला होता. चमचा आत खोचलेला. शिकलेला माणूस, काही कारण असेल, म्हणून त्या गप्प बसल्या होत्या. आता कारण कळलं. तोंड उघडलं असतं तर एका वाक्यात काम झालं असतं. पण लेक त्याच्या घरात होती.

"मावशी," बाई म्हणाल्या, "हे खरं असेल तर धुण्याचं काम मला बाहेर द्यावं लागेल. तुम्हा तिघींनाही मग ठेवता येणार नाही."

आतल्या दोघींनी नळ बंद केला.

"चहाचा कप माझ्या सिंकला शिवला असेल तर आत्ता जाते मी. पण माझ्या फळीवरचा कुठलाही धुतलेला डबा घ्या, तुमच्या हाताने. त्यात कोरी पट्टी टाका, तुमची ती पावडर लावा, पुढचं सगळं करा. काळी झाली तर मी खोटी."

बाईंच्या चेहऱ्यावर हसू येता येता राहिलं. "याला आम्ही कंट्रोल म्हणतो, मावशी. हा यानेच करायला हवा होता."

"तुम्ही काहीही म्हणा. करा."

बाईंनी फळीवरून डबा काढला, हातमोजे चढवले. "पावडर आण रे."

जावई हलला नाही.

"अरे, झाकायची पावडर!"

"संपलीय, मॅडम."

"कधी?"

"गेल्या... गुरुवारी."

बाईंनी डबा हळूच टेबलावर ठेवला. "मग काल पट्टी कशाने झाकलीस?"

जावई बुटांशी बोलला. "दूध पावडरने. दुसऱ्या पट्ट्यांना चालते, मॅडम. मला वाटलं..."

"पट्टीचं सोड. दूध म्हटल्याबरोबर तुला कळलं होतं. कपांचं कुठून काढलंस?"

त्याने काळ्या पट्टीचा डबा उचलून हातात घेतला.

"उद्या तुझी प्रयोगांची वही घेऊन ये," बाई म्हणाल्या. "पहिल्या पानापासून बघायचीय मला." आणि त्या गेल्या.

तो थोडा वेळ तिथेच घुटमळला. मग दोन वर्षांत पहिल्यांदा धुण्याच्या खोलीत शिरला, आणि त्या दोघींना ऐकू जाऊ नये अशा बेताने पुटपुटला, "आई, घरी यातलं काही बोलू नका हं तिच्याजवळ." बोलता बोलता त्याने काळ्या पट्टीचा डबा सवयीने सिंककडे सरकवला. "आणि एवढा जरा धुऊन टाका."

मावशींनी डब्याकडे बघितलं, मग त्याच्याकडे. पार जिन्यापर्यंत ऐकू जाईल अशा आवाजात त्या म्हणाल्या,

"जावईबापू, वीस वर्षं इथली घाण धुतेय मी, कधी किळस आली नाही. आज आली. तुमचा डबा तुम्ही धुवा."