जाड कागद

“उद्या सकाळी येतो मग,” वगीह म्हणाला. “इंजिन मी नेतो, उरलेला सांगाडा भंगारवाला नेईल. मन घट्ट कर.”

शुक्री समुद्राकडे बघत चालत राहिला. असरची, म्हणजे तिसऱ्या प्रहरची, नमाज आटोपून माणसं अलेक्झांड्रियाच्या किनाऱ्यावर, कठड्याच्या कडेनं येऊन बसू लागली होती.

“नजातला अजून सांगितलं नाही,” तो म्हणाला.

नजात त्याची बायको. गुडघे गेल्यापासून तिला मिनिबसची पायरी चढवत नव्हती. तिची थोरली बहीण रशीद गावी अंथरुणाला खिळली होती. आपली जुनी मोटार दुरुस्त होऊन रस्त्यावर आली की तुला तिच्याकडे नेतो, असं शुक्रीनं तिला कबूल केलं होतं. इंजिन त्यानं स्वतःच्या हातांनी खोललं, पुन्हा जुळवलं, आणि ते घड्याळासारखं चालू लागलं. मग त्यानं गिअरबॉक्स खोलला. तो काही जुळेना. दातेरी चाकं, चकत्या, स्प्रिंगा गच्चीत एका जुन्या चादरीवर पसरल्या होत्या, आणि कशावर काय बसतं ते सांगणारं दुरुस्तीचं पुस्तक कुठेच मिळत नव्हतं. इतक्या जुन्या गाडीला मेकॅनिकही हात लावायला तयार नव्हते.

“आपण शोधायचं काय बाकी ठेवलं, सांग,” वगीह म्हणाला.

ते खरंच होतं. वगीहकडेही तसलीच गाडी, पण तिचं इंजिन धूर ओकत होतं. तरी ईदनंतरसुद्धा दर शुक्रवारी तो शुक्रीबरोबर जुन्या पुस्तकांच्या गल्लीत येत होता, उकिडवा बसून ढीग उपसत होता. मागच्या शुक्रवारी एक म्हातारा पुस्तकवाला म्हणाला, होतं बाबा माझ्याकडे, कधीच गेलं. कोणी नेलं ते त्याला सांगता येईना, डोळे अधू झालेले. शुक्री नुसता उभा राहिला. भांडला तो वगीह. “बाजूला ठेव म्हणून सांगितलं होतं ना? तुझ्या जिभेला काही हाड?” म्हातारा गोंधळून दोघांची माफी मागत राहिला.

वगीहनं आता शुक्रीच्या खांद्यावर हात टाकला. “आणि इंजिन जाणार कुठे? माझ्याच गाडीत. लेक शेजारच्या घरात दिलीस असं समज.”

शुक्रीला हसू आलं. “तुझ्या त्या कोंबड्यांच्या खुराड्यात? लेकीचं नशीबच फुटकं म्हणायचं.”

पुढे तुरमुसचा गाडा लागला. मिठाच्या पाण्यात मुरलेल्या पिवळ्या दाण्यांचा ढीग, वर लिंबाच्या फोडी.

“थांब, तुरमुस घेऊ.”

“नको रे. पलीकडे चहा घेऊ.”

“चहा कुठे पळतोय?”

शुक्री गाड्यापाशी गेला. वगीह दोन पावलं मागेच राहिला. गाडेवाली उम्म हिलालनं खिळ्याला टोचलेल्या गठ्ठ्यातून एक कागद ओढला, न बघताच त्याचा कोन वळला आणि दाण्यांनी भरून वर लिंबू पिळलं. मग तिची नजर मागे गेली.

“अरे, उस्ताज वगीह. तुम्ही पण का? आमच्या ट्रामच्या थांब्यापाशी रस्ता खणून ठेवलाय, म्हणून गाडा इकडे आणला.”

वगीहनं नुसती मान हलवली.

दोघं कठड्याला टेकून एकाच पुडीतून खाऊ लागले. दाणा दातांत धरायचा, गर तोंडात घ्यायचा, साल मुठीत ठेवायचं. पुडी रिकामी झाली की सगळी सालं तिच्यात. शाळा बुडवून इथं यायचे तेव्हापासूनची ही रीत.

“उस्ताज,” उम्म हिलाल तिथूनच म्हणाली, “रमझानच्या आधी दिलंत ना, त्या पुस्तकाचा कागद फार चांगला निघाला हो. जाड आहे. मिठाच्या पाण्यानं गळत नाही. आणखी असलं काही घरात पडलं असेल तर आणा. तुम्हाला मूठभर वर घालीन.”

शुक्रीचा हात पुडीतच थांबला.

त्यानं उरलेले दाणे कठड्यावर ओतले आणि कागद उलगडून शेजारीच सपाट केला. लिंबानं ओलसर झालेल्या पानावर दातेरी चाकं, चकत्या, स्प्रिंगा एकामागोमाग एक रांगेनं काढलेल्या होत्या. प्रत्येकीला आकडा. मजकूर फ्रेंच होता आणि ते त्याला येत नव्हतं. पण आकडे समजायला फ्रेंच कशाला लागतं?

“उम्म हिलाल, बाकीचं पुस्तक?”

“संपलं की, हाजी. हीच शेवटची पानं. का हो?”

त्यानं मान वर केली. कठड्याच्या कडेनं लांबपर्यंत माणसं बसली होती. बाया, पोरं, एक नवं जोडपं. जवळजवळ प्रत्येकाच्या हातात तोच जाड, पिवळसर कोन होता. एका पोरानं आपला रिकामा कोन चुरगळला आणि पाण्यात भिरकावला.

“शुक्री, ऐक तर,” वगीह म्हणाला.

शुक्री पान हलक्या हातानं पुसत होता. मग हळू आवाजात म्हणाला, “त्या म्हाताऱ्याला तू फार बोललास, वगीह.”

त्यानं पानाची घडी घातली, सदऱ्याच्या आतल्या खिशात ठेवली, आणि ट्रामच्या रस्त्याला लागला.

वगीह कठड्यापाशीच उभा राहिला. त्याच्या मुठीत सालं होती. टाकायला कागद नव्हता.